शब्दांची पेढी : सहीपूर्वी समजून घ्यावेत असे काही इंग्रजी शब्द

व्यापारी घरातील शब्द मोठे नेमके असतात. 'जांगड' म्हणून दिलेला माल आणि विकलेला माल यांत काय फरक आहे, हे पेढीवर बसू लागलेल्या मुलालाही फार समजावून सांगावे लागत नाही. अडत, बारदान, खतावणी, दर्शनी हुंडी, मुदती हुंडी या प्रत्येक शब्दाचा अर्थ ठरलेला आहे आणि त्या अर्थाच्या भरवशावर लाखोंची उलाढाल होते. हीच मंडळी बँकेचे तीस-चाळीस पानांचे इंग्रजी करारपत्र समोर आले, की कर्मचाऱ्याने पेन्सिलीने केलेल्या फुल्या शोधत सह्या करीत जातात. हे दृश्य मी नोकरीच्या सर्व वर्षांत पाहिले आणि निवृत्तीनंतरही पाहतो.

याचे कारण निष्काळजीपणा नव्हे, असे माझे मत आहे. त्यामागे पुष्कळदा संकोच असतो. जो शब्द आपल्याला धड उच्चारता येत नाही, त्याविषयी चारचौघांत प्रश्न विचारायला माणूस कचरतो. 'आपला उच्चार चुकला तर साहेब काय म्हणतील?' या विचाराने प्रश्न ओठांवरच राहतो. म्हणून या अंकात काही कमी परिचयाचे इंग्रजी शब्द त्यांच्या उच्चारासह आणि अर्थासह देत आहे. उच्चार कळला, की विचारण्याचे धैर्य येते आणि अर्थ कळला, की नेमके काय विचारायचे ते उमगते.

न उच्चारली जाणारी अक्षरे

आरंभ अगदी साध्या शब्दांपासून करू. कर्ज या अर्थाचा इंग्रजी शब्द डी-ई-बी-टी असा लिहितात. पण त्यातील 'बी' मुका आहे. उच्चार 'डेट'. जुन्या इंग्रजीत हा शब्द फ्रेंचमधून आला, तेव्हा त्याच्या स्पेलिंगात 'बी' नव्हताच. पुढे विद्वानांना त्याचे लॅटिन मूळ 'डेबिटम' आठवले आणि त्यांनी ते अक्षर लिखाणात घातले. बोलणाऱ्यांनी मात्र आपला उच्चार बदलला नाही. शेक्सपिअरच्या एका नाटकातील पंतोजी, लोक हा 'बी' उच्चारत नाहीत म्हणून चडफडताना दाखवला आहे. 'रिसीट' या शब्दातील मुक्या 'पी'ची कथाही अशीच आहे. आरोपपत्राच्या संदर्भात येणारा 'इन्डाइट' हा शब्द वाचताना 'इंडिक्ट' असा दिसतो. त्यातील 'सी'सुद्धा लॅटिनच्या मोहाने मागाहून आलेला आहे.

'मॉर्गेज' या शब्दातील 'टी' उच्चारत नाहीत. आपल्याकडे सर्रास 'मॉर्टगेज' म्हटले जाते आणि बँकेत ते समजतेही. तरी शब्दकोशातील उच्चार 'मॉर्गेज' आहे. मूळ फ्रेंच अर्थ 'मृत तारण'. सतराव्या शतकातील इंग्रज न्यायपंडित सर एडवर्ड कोक यांनी याचा खुलासा असा केला आहे, की ऋणकोने पैसे फेडले नाहीत तर ती मिळकत त्याच्या दृष्टीने मेली आणि फेडले तर ते तारण धनकोच्या दृष्टीने मेले. गंमत अशी, की खुद्द कोक यांच्या आडनावाचा उच्चारही 'कुक' असा करतात. स्थावर मिळकतीच्या गहाणाची व्याख्या आपल्या १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५८ मध्ये आहे.

माल कोणाच्या ताब्यात?

स्थावर मिळकतीनंतर गोदामातील मालाकडे वळू. येथे तीन शब्द भेटतात आणि त्यांची पुष्कळदा गल्लत होते.

पहिला 'प्लेज'. यात माल प्रत्यक्ष बँकेच्या ताब्यात जातो, गोदामाला बँकेचे कुलूप लागते. आपण याला मालतारण म्हणतो. १८७२ च्या भारतीय करार कायद्यात कलम १७२ मध्ये याची व्याख्या आहे.

दुसरा 'हायपॉथिकेशन'. आघात 'के' या अक्षरावर द्यावा. ग्रीक भाषेत 'हायपो' म्हणजे खाली. एखादी वस्तू कर्जाच्या खाली ठेवणे, असा मूळ भाव. शास्त्रातील 'हायपॉथिसिस' हा शब्द याच कुळातला. मराठीत यासाठी 'नजरगहाण' हा सुरेख शब्द आहे. माल आपल्याच दुकानात राहतो, आपणच तो विकतो. पण त्यावर बँकेचा बोजा असतो. २००२ च्या सरफेसी कायद्यात याची जी व्याख्या आहे, तीत सध्याची आणि भविष्यात येणारी अशी दोन्ही प्रकारची जंगम मालमत्ता धरलेली आहे. म्हणजे आज सही करताना जो माल गोदामात नाही, पुढच्या हंगामात येणार आहे, तोही या शब्दाच्या कक्षेत येऊ शकतो. दरमहा मालाचे पत्रक का मागतात, याचे उत्तर या एका शब्दात आहे.

तिसरा शब्द एल-आय-ई-एन. याचा उच्चार 'लीन' किंवा 'लीअन' असा होतो, 'लायन' नव्हे. फ्रेंचमध्ये याचा अर्थ बंधन. आपली देणी फिटेपर्यंत दुसऱ्याची वस्तू रोखून धरण्याचा हक्क, असा कायद्यातील आशय. करार कायद्याच्या कलम १७१ ने हा व्यापक हक्क काही मोजक्या व्यावसायिकांना दिला आहे. त्यांत बँकर येतात, अडते येतात आणि 'वॉर्फिंजर' नावाचे एक गृहस्थही येतात. वॉर्फिंजर म्हणजे धक्क्याचा मालक किंवा व्यवस्थापक. यातील 'ज' हा 'जय' या शब्दातल्यासारखा उच्चारावा. मूळ शब्दात 'न' नव्हता. 'पॅसेज'वरून 'पॅसेंजर' आणि 'मेसेज'वरून 'मेसेंजर' होताना जसा 'न' शिरला, तसाच तो येथेही शिरला आहे. व्यवहारात लक्षात ठेवण्याची गोष्ट अशी, की 'तुमच्या मुदत ठेवीवर लीन नोंदवला आहे' असे बँकेने सांगितले, तर ती ठेव आपल्या नावावर असूनही मोडता येणार नाही. लेकीच्या लग्नासाठी म्हणून वेगळी ठेवलेली पावती अशा बंधनात देताना घरात विचारविनिमय व्हावा.

जामीनकीचे शब्द

सर्वांत अधिक हानी ज्या शब्दांच्या अज्ञानामुळे झालेली मी पाहिली, ते शब्द आता घेतो.

जामीनदाराला इंग्रजीत 'शुअरटी' म्हणतात. हा शब्द आणि 'सिक्युरिटी' एकाच लॅटिन मुळाचे. एक फ्रेंचमधून झिजून आला, दुसरा सरळ आला. करार कायद्याच्या कलम १२८ मध्ये जामीनदाराच्या जबाबदारीसाठी 'को-एक्स्टेन्सिव्ह' हा शब्द वापरला आहे. त्याचा अर्थ 'तेवढ्याच विस्ताराची'. करारात वेगळे काही नसेल, तर मूळ कर्जदाराचे जेवढे देणे, तेवढेच जामीनदाराचे. आपल्याकडे समजूत अशी, की बँक आधी कर्जदाराच्या मागे लागेल, त्याची मिळकत विकेल आणि मगच काही उरले तर जामीनदाराकडे येईल. कायदा तसे म्हणत नाही. 'बँक ऑफ बिहार विरुद्ध डॉ. दामोदर प्रसाद' या १९६९ साली प्रसिद्ध झालेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की आधी मूळ कर्जदाराकडून वसुलीचे सर्व उपाय संपवावेत, अशी अट धनकोवर नाही.

दुसरा शब्द फसवा आहे, कारण तो ओळखीचा वाटतो. 'जॉइंट अँड सेव्हरल' या शब्दप्रयोगातील 'सेव्हरल' म्हणजे 'अनेक' नव्हे. येथे तो त्याच्या जुन्या अर्थाने येतो, 'वेगवेगळे', 'स्वतंत्र'. म्हणजे जबाबदारी संयुक्तही आणि प्रत्येकाची स्वतंत्रही. तीन भावांनी मिळून साठ लाखांच्या कर्जावर अशी सही केली, तर प्रत्येकाचे देणे वीस लाख, असा हिशेब घरी मांडला जातो. बँकेच्या दृष्टीने मात्र प्रत्येकाचे देणे साठ लाख आहे. ती तिघांपैकी कोणा एकाकडूनही सगळी रक्कम मागू शकते. ज्याने ती भरली, त्याने मग उरलेल्या दोघांकडून त्यांचा वाटा वसूल करावा. भागीदारी पेढीच्या बाबतीत तर १९३२ च्या भागीदारी कायद्याच्या कलम २५ नेच ही जबाबदारी प्रत्येक भागीदारावर घातली आहे, मग भागीदारीपत्रात त्याचा हिस्सा दहा टक्के का असेना.

एक गृहस्थ मला आठवतात. त्यांनी मेहुण्यांच्या पेढीसाठी जामीन म्हणून सही केली होती. 'मी फक्त ओळख दिली,' असे ते शेवटपर्यंत म्हणत राहिले. कागदावर ओळखीचा शब्द कोठेच नव्हता. 'सेव्हरल' आणि 'कंटिन्युइंग' हे दोन शब्द मात्र होते. 'कंटिन्युइंग गॅरंटी' म्हणजे एकाच कर्जापुरती नव्हे, तर पुढे होत जाणाऱ्या व्यवहारांनाही लागू राहणारी हमी. कलम १३० प्रमाणे, भावी व्यवहारांपुरती ती नोटीस देऊन मागे घेता येते. ही तरतूद त्यांना ठाऊक असती, तर मेहुण्यांनी कर्जाची मर्यादा वाढवून घेतली त्या वेळी निदान विचार करण्याची संधी त्यांना मिळाली असती. अर्थात, बँकेच्या छापील मजकुरात जामीनदाराने आपले काही कायदेशीर हक्क सोडल्याचे परिच्छेद बहुधा असतात. तेही वाचायला हवेत.

जामीनदाराच्या बाजूचा एक शब्द मुद्दाम सांगतो. तो म्हणजे 'सब्रोगेशन'. लॅटिनमध्ये याचा अर्थ एकाच्या जागी दुसऱ्याला आणणे. जामीनदाराने सर्व देणे चुकते केले, की कलम १४० प्रमाणे तो धनकोच्या जागी येतो आणि धनकोला कर्जदाराविरुद्ध असलेले हक्क त्याला मिळतात. पैसे भरून निराश होऊन घरी बसणाऱ्यांनी हा शब्द आपल्या वकिलांसमोर अवश्य उच्चारावा.

ज्यांचा धंदा आता प्रायव्हेट लिमिटेड कंपनीच्या नावाने चालतो, त्यांच्यासाठी आणखी एक गोष्ट. 'लिमिटेड' हा शब्द कंपनीच्या भागधारकाला संरक्षण देतो. संचालकाने वैयक्तिक हमी दिली, की तेवढ्यापुरते ते संरक्षण संपते. दिवाळखोरी संहितेतील कंपनीच्या वैयक्तिक हमीदारांसंबंधीच्या तरतुदी १ डिसेंबर २०१९ पासून लागू झाल्या. २०२१ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने ती अधिसूचना वैध ठरवली आणि कंपनीची तोडगा योजना मंजूर झाली म्हणून हमीदार आपोआप मुक्त होत नाही, असेही सांगितले.

वाटेवरचा माल आणि विमा

मालवाहतुकीतील 'डिमरेज' या शब्दाचा उच्चार पुष्कळ ठिकाणी 'डॅमरेज' असा होतो आणि त्यामुळे नुकसानभरपाईचा अर्थ त्याला चिकटतो. शब्दाचे मूळ 'विलंब करणे' या अर्थाच्या लॅटिन धातूत आहे. जहाज किंवा रेल्वेचे वाघिण ठरलेल्या वेळेपलीकडे अडकवून ठेवल्याबद्दल द्यावा लागणारा आकार म्हणजे डिमरेज. त्याचा भाऊ 'वॉर्फेज'. रेल्वेच्या आवारातून माल वेळेत न उचलल्यास हा आकार पडतो. एक गाडी अडकवल्याचा, दुसरा जागा अडकवल्याचा. बिलात दोन्ही दिसले तर कोणता कशासाठी, हे विचारता यावे.

बारदानाच्या वजनासाठी असलेला 'टेअर' हा शब्द मूळचा अरबी. त्याचा अर्थ 'टाकून दिलेले', म्हणजेच वजा केलेले. 'टॅरिफ' हाही अरबीच. भूमध्य समुद्रावरील व्यापारातून असे शब्द युरोपात पोहोचले. त्याच वाटेने 'ॲव्हरेज' हा शब्द आला असावा, असे मानतात. त्याचा आरंभीचा संबंध खराब झालेल्या मालाशी आहे. समुद्रात झालेले नुकसान सर्व व्यापाऱ्यांनी प्रमाणात वाटून घेण्याच्या पद्धतीतून पुढे 'सरासरी' हा अर्थ निघाला.

विम्याच्या कागदात मात्र 'ॲव्हरेज क्लॉज' म्हणजे सरासरी नव्हे. गोदामात पन्नास लाखांचा माल आहे आणि हप्ता वाचवण्यासाठी विमा तीस लाखांचाच उतरवला आहे, असे समजा. आग लागून दहा लाखांचा माल जळाला. विमा तीस लाखांचा असल्याने दहा लाख पूर्ण मिळतील, अशी आपली अपेक्षा. या कलमाप्रमाणे, पॉलिसीत काही सवलत नसेल, तर मिळतात सहा लाख. कारण विमा पाचातील तीन हिश्श्यांचाच होता. उरलेल्या भागाचे विमाधारक आपण स्वतःच होतो, असा त्याचा अर्थ. दिवाळीपूर्वी माल भरताना विम्याची रक्कम तपासणे किती आवश्यक आहे, हे यावरून ध्यानात यावे.

मुदत आणि माफी

'मॉरटॉरियम' या शब्दाचे मूळही डिमरेजच्याच कुळातले, म्हणजे विलंब. आघात 'टॉ'वर आहे. कोरोनाच्या काळात, २०२० च्या मार्चपासून ऑगस्टपर्यंत, रिझर्व्ह बँकेने कर्जाच्या हप्त्यांना अशी स्थगिती देण्याची मुभा बँकांना दिली. अनेकांनी तिचा अर्थ माफी असा घेतला. माफीसाठी इंग्रजी शब्द 'वेव्हर'. स्थगितीत हप्ता थांबतो, व्याजाचे चक्र थांबत नाही. दहा लाखांवर बारा टक्क्यांनी सहा महिन्यांचे साधे व्याजच साठ हजार होते. पुढे त्या काळातील व्याजावरील व्याज घेऊ नये, असा निर्णय न्यायालयाने २०२१ मध्ये दिला. परंतु मूळ व्याज द्यावेच लागले.

घरातील कागद

शेवटी कौटुंबिक कागदांतील दोन शब्द. मृत्युपत्राला मागाहून जोडलेल्या दुरुस्तीपत्राला 'कॉडिसिल' म्हणतात. लॅटिनमधील 'कोडेक्स' म्हणजे वही किंवा ग्रंथ. त्याचे लघुरूप म्हणजे कॉडिसिल, छोटी वही. आकार छोटा असला, तरी तो मृत्युपत्राचाच भाग मानला जातो आणि त्यालाही दोन साक्षीदार लागतात. मृत्युपत्रातील एखादे नाव खोडून शेजारी पेनाने दुसरे लिहिणे आणि वर नुसती सही ठोकणे, याने काम भागत नाही.

दुसरा शब्द 'पर स्टर्पीज'. 'स्टर्प्स' म्हणजे झाडाचा बुंधा. वारसांची वाटणी डोकी मोजून न करता शाखेनुसार करणे, असा याचा अर्थ. १९५६ चा हिंदू उत्तराधिकार कायदा आपल्या समाजालाही लागू आहे. मृत्युपत्र न करता एक गृहस्थ वारले. आई आणि पत्नी आधीच गेलेल्या. मागे दोन मुलगे आणि पूर्वी दिवंगत झालेल्या तिसऱ्या मुलाची पत्नी व दोन मुले. डोकी पाच, पण त्यांच्या स्वकष्टार्जित मिळकतीचे भाग पाच होणार नाहीत, तीन होतील. दोन भाग दोन मुलग्यांचे. तिसरा भाग दिवंगत मुलाच्या शाखेचा आणि त्यात त्याची पत्नी व दोन मुले समान वाटेकरी, म्हणजे प्रत्येकी एक नवमांश. विधवा सुनेला 'तुझा यात काही संबंध नाही' असे सांगणारी मंडळी भेटतात, म्हणून हा हिशेब सविस्तर दिला.

एवढे अवश्य करावे

किरकोळ कर्जे आणि सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांची मुदत कर्जे यांसाठी, १ ऑक्टोबर २०२४ पासून, बँकांनी 'की फॅक्ट्स स्टेटमेंट' म्हणजे कर्जाच्या मुख्य बाबींचे पत्रक देणे बंधनकारक आहे. ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे आणि त्यातील मजकूर त्याला समजावून सांगितला जावा, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. मराठीत मागण्यास मुळीच लाजू नये. कर्जाच्या कराराची आणि त्याला जोडलेल्या कागदांची प्रत मिळणे, हाही कर्जदाराचा हक्क आहे. ती प्रत तिजोरीत न ठेवता एकदा तरी घरात वाचली जावी.

घरातील वाणिज्य शाखेचा मुलगा, मुलगी किंवा सून यांना जवळ बसवून करारातील न कळणारे शब्द एका कागदावर उतरवून काढावेत. शब्दकोशात पाहून त्यांच्यापुढे उच्चार आणि अर्थ लिहावेत. शब्दकोशात ओळखीचा शब्द अनोळखी अर्थाने दिसला, तर तेथे विशेष थांबावे. 'सेव्हरल' आणि 'ॲव्हरेज' यांनी जेवढे फसवले आहे, तेवढे अवघड शब्दांनी फसवलेले नाही. मग तो कागद घेऊन बँकेत जावे आणि एकेक शब्द विचारावा. चांगल्या अधिकाऱ्याला असा ग्राहक आवडतो, हे मी अनुभवाने सांगतो. आणि एखाद्या शब्दाचे समाधानकारक उत्तर त्या दिवशी मिळाले नाही, तर सही दुसऱ्या दिवशी करावी.